नोंदीप्रमाणे आई

लेकीच्या लग्नाची नोंद करायला गेलो, तर खिडकीवरची मुलगी म्हणाली, "हे लग्न होणार नाही. दोघं बहीणभाऊ आहेत."

मी मागे वळून पाहिलं. मला वाटलं, आमच्या मागे उभ्या असलेल्या कुणाला तरी म्हणतेय.

"तुम्हालाच सांगतेय, काकू."

माझी लेक पुढे सरकली. तिचा आवाज तिच्या वडिलांवर गेलाय. "अहो, मी एकुलती एक आहे."

"घरात असाल. सिस्टीममध्ये तुम्हाला भरपूर भावंडं आहेत. हे त्यातलेच एक." तिनं पेनानं माझ्या होणाऱ्या जावयाकडे खूण केली आणि पडदा आमच्याकडे वळवला.

लेकीच्या नावापुढे वडील म्हणून आमच्या यांचं नाव होतं. आणि आई म्हणून गावच्या सुईणबाईंचं. जावयाच्या नावापुढे वडील म्हणून त्याचे वडील, आणि आई म्हणून पुन्हा सुईणबाईच.

"आई एक, वडील वेगळे," मुलगी म्हणाली. "आता ते कसं काय झालं, तो तुमचा घरातला प्रश्न. त्यात आम्ही पडत नाही."

आमचे हे माझ्या शेजारीच उभे होते. इतक्या वर्षांच्या संसारात यांचा चेहरा असा उतरलेला मी कधी पाहिला नव्हता. माझ्या कानाशी येऊन म्हणाले, "मी नाही हं."

सुईणबाई म्हणजे गावच्या प्रसूतिगृहातल्या सुईण. लग्न केलं नाही, कुणाच्या अध्यात नाहीत, मध्यात नाहीत. सरळ रेघेसारखं आयुष्य. आमच्या पिढीची बाळंतपणं त्यांनीच केली आणि आमचे स्वतःचे जन्मही त्यांच्याच हातचे म्हणायला हरकत नाही, इतक्या त्या जुन्या. त्या काळी बाळाची खबर द्यायला कार्यालयात जायचं कुणी? बाळंतीण खाटेवर, आणि बाप एक तर कामावर, नाहीतर आनंदात. म्हणून आठवड्याभरात जन्मलेल्या सगळ्या पोरांची खबर सुईणबाईच जाऊन द्यायच्या. नोंदीच्या ओळीत पहिलं नाव खबर देणाऱ्याचं लिहायची पद्धत होती, आणि खबर देणाऱ्या नेहमी त्याच. आईचं नाव पार शेवटी, बारीक अक्षरात.

गेल्या वर्षी सरकारनं सगळ्या जुन्या नोंदी संगणकात भरायला घेतल्या. योजनेचं नाव 'सुलभ नोंद'. काम दिलं दूरच्या कुठल्याशा कंपनीला. तिथल्या पोरांनी विचार केला असणार, जन्माच्या नोंदीत पहिलं नाव बाईचं आलं, म्हणजे ती आईच. तसं चुकीचंही नाही. आम्हालाही तसंच वाटलं असतं. पण आम्ही निदान दुसऱ्या पानावर तीच बाई दिसल्यावर थांबलो असतो.

ती पोरं थांबली नाहीत. अख्खं गाव सुईणबाईंच्या पदरात टाकून मोकळी झाली. आणि सुईणबाईंचा संसार कुणाकुणाशी मांडून दिला, ते मी लिहीत नाही. गावात देवाधर्माचं करणारी, वयानं आणि मानानं मोठी माणसंही आहेत.

माझा एक नेम आहे. दुपारपर्यंत कुणाबद्दल वाईट बोलायचं नाही. म्हणून सरकारी कामं मी दुपारनंतर काढते. त्या दिवशी मात्र लेकीच्या घाईपायी सकाळीच गेलो होतो, म्हणून मी एवढंच विचारलं, "मोठे साहेब आहेत का?"

साहेब होते. खोली गार, टेबल रिकामं. टेबलावर एकही कागद नाही, हे दिसावं म्हणूनच बहुधा टेबल एवढं मोठं ठेवलेलं. भिंतीवर चौकटीत एक सन्मानपत्र लावलं होतं. लग्ननोंदणीत एकही प्रकरण प्रलंबित नसलेलं कार्यालय, असं त्यावर लिहिलं होतं.

"प्रलंबित कसं राहील?" लेक म्हणाली. "सगळेच अर्ज एका क्षणात नामंजूर होतायत."

"निर्णय तर होतोय ना," साहेब म्हणाले. आवाजात राग नव्हता. उलट समजूत काढल्यासारखा. "पूर्वी लोकांना महिनोन्‌महिने ताटकळत ठेवायचे. आता नाही म्हणायलाही वेळ लागत नाही."

मी त्यांना खबर देणारी आणि जन्म देणारी यांतला फरक समजावून सांगितला. त्यांनी शांतपणे ऐकून घेतलं.

"काकू, मला कळतंय. पण सिस्टीमला कळलं पाहिजे ना? तुम्ही असं करा, तुम्ही यांच्या आई आहात याचा पुरावा अपलोड करा."

"कसला पुरावा?"

"यांचा जन्मदाखला."

"त्यावर तर सुईणबाई आई आहेत."

"मग कठीण आहे," साहेब म्हणाले. त्यांनी खरोखर वाईट वाटल्यासारखी मान हलवली. "सुईणबाईंनी स्वतः येऊन सांगितलं की ही माझी मुलगी नाही, तर काही करता आलं असतं. पण अपत्य नाकारणं हा गुन्हा आहे. तसं बटण दाबलं की लाल अक्षरांत सूचना येते. म्हाताऱ्या बाईला कशाला त्यात ओढायचं?"

"मग आम्ही करायचं काय?" आमच्या यांनी विचारलं. सुईणबाईंचं नाव निघालं की ते अजून दुसरीकडे बघत होते.

"तक्रार नोंदवा. मुख्यालयात जाईल, ते बघतील. दीडेक महिना धरा."

दीड महिना आमच्याजवळ नव्हता. जावई लिफ्टचा कारागीर. समुद्रापलीकडे मोठ्या कामावर त्याची निवड झाली होती. तीन वर्षं तिथंच राहायचं, आणि महिनाअखेरीस निघायचं. बायकोला बरोबर न्यायचं तर जाण्याआधी लग्नाचा दाखला दाखवायला हवा. नंतर दाखवला तर चालत नाही, तसा त्यांचा नियम. म्हणजे आता दाखला मिळाला नाही, तर तो तिकडे, ही इकडे, आणि मधे तीन वर्षं. लेक माझी तोंडानं तिखट आहे, पण रात्री उशी ओली करते, ते मला ठाऊक होतं.

"दुसरं काही?" जावयानं विचारलं. माणूस कमी बोलतो. लिफ्टच्या डब्यावर एकट्यानं उभं राहून काम करायची सवय.

साहेबांनी खरोखर विचार केला. मग म्हणाले, "ताईंनी गावाबाहेर जन्मलेला मुलगा बघितला तर लगेच होईल. तसा फिल्टर आहे आमच्याकडे."

घड्याळात बारा वाजायला अवकाश होता. मी काहीच बोलले नाही.

बाहेर आल्यावर यांनी विचारलं, "आता?"

"आता तुमच्या दुसऱ्या घरी जाऊ," मी म्हटलं. तेवढी चेष्टा माझ्या नेमात बसते.

सुईणबाई खुर्चीत बसून मोबाईलशी भांडत होत्या. आम्हाला बघून हायसं वाटलं त्यांना. "बरं झालं आलीस. बघ गं हे काय म्हणतंय. माझी निराधाराची मदत बंद केली मेल्यांनी."

मी चष्मा लावून वाचलं. संदेशात लिहिलं होतं की आपल्याला अपत्यं असल्यानं आपण निराधार नाही. अपत्यं सांभाळत नसतील, तर 'ज्येष्ठ छाया' या सुविधेवर संबंधित अपत्याविरुद्ध तक्रार करावी.

लेकीनं त्यांना सगळी कथा सांगितली. सुईणबाईंनी ती डोळे मिटून ऐकली. मध्येच त्यांच्या खांद्यांना हिसका बसायला लागला. मला वाटलं रडतायत. हसत होत्या.

"आयुष्यभर बायका मला म्हणायच्या, तुला एक तरी हवं होतं," पदरानं डोळे टिपत त्या म्हणाल्या. "आता बघा म्हणावं." मग यांच्याकडे बघून म्हणाल्या, "आणि तुम्ही हो, उंबऱ्यावर काय उभे? आत या की. आपल्याला एक मुलगी आहे म्हणे."

हे आत आले आणि सगळ्यांत लांबच्या खुर्चीवर बसले.

जावयानं त्यांच्या मोबाईलवर 'ज्येष्ठ छाया' उघडून दिलं. तक्रार कुणाविरुद्ध, असं विचारून खाली नावांची रांग आली. ती बोटानं वर सरकवत राहिलं तरी संपेना. सगळं गाव तिथं होतं. दुकानदार, मास्तर, दोन डॉक्टर, पोलीस चौकीतले जमादार. आईला न सांभाळणारी सगळी एका रांगेत.

"ह्याला काढलं तेव्हा गळ्याभोवती नाळ होती," सुईणबाई म्हणत होत्या. "ही जन्मल्यावर रडलीच नाही, आता बघा कशी बोलते. हा... थांब. वर घे जरा. हा कोण?"

जावयानं नाव वाचलं. साहेबांचं.

"हा नोंदणीचा साहेब झालाय?" सुईणबाई पुढे वाकल्या. "अरे, हा पायाळू. पाय आधी बाहेर काढले बेट्यानं. तेव्हाच मी म्हटलं होतं, हा सगळं उलटंच करणार."

जावयाचं बोट त्या नावावरच थांबलं. मग लेकीनं माझ्याकडे बघितलं. मी तिच्याकडे बघितलं नाही.

"आई," ती म्हणाली, "तूच भर. तुझं अक्षर... म्हणजे तुझं टायपिंग बरं आहे."

"मी खोटं लिहीत नाही. तुला माहीत आहे."

"कुठे खोटं? यांची मदत बंद झाली ना? झाली. साहेब यांना सांभाळतात का?"

"नाही."

"यांना कधी भेटायला आलेत?"

"पाय आधी आले होते, तेवढंच," सुईणबाई म्हणाल्या.

मी अर्ज खालपर्यंत वाचला. अगदी शेवटी शपथ होती: 'वरील व्यक्ती शासकीय नोंदीप्रमाणे माझं अपत्य आहे.' ती तीनदा वाचली. खरं की खोटं असं तिथं कुणी विचारतच नव्हतं. नोंदीप्रमाणे एवढंच विचारत होते. आणि नोंदीप्रमाणे होतंच. देवाच्या दारात मला याचा जाब विचारला, तर मी तोच कागद दाखवीन, असं मनाशी ठरवून मी अर्ज भरला. सुईणबाईंनी अंगठा लावला.

सरकारचं काम सावकाश चालतं असं म्हणतात, ते माणसं करतात तेव्हा. 'ज्येष्ठ छाया'चं सगळं यंत्रच करतं. दुसऱ्या दिवशी सकाळी साहेब कार्यालयात गेले, तर त्यांना आत शिरताच येईना. म्हणजे खोलीत शिरले, पण सिस्टीममध्ये नाही. 'मातेची उपेक्षा करणाऱ्या कर्मचाऱ्याचा प्रवेश स्थगित.' पगारही थांबवलेला. खिडकीवरच्या मुलीनं ते आधी वाचलं आणि मग सगळ्या कार्यालयाला वाचून दाखवलं.

दुपार टळायच्या आत साहेब सुईणबाईंच्या दारात हजर. आम्ही तिथंच होतो. सुईणबाईंनी मला मुद्दाम बोलावून घेतलं होतं. 'सूनबाई,' म्हणाल्या होत्या, 'चहा टाकायला ये.' कोणत्या नात्यानं सूनबाई, ते मी विचारलं नाही. गावातल्या नात्यांचा आता भरवसाच राहिला नव्हता.

"हे काय केलंत तुम्ही?" साहेब उभ्याउभ्याच म्हणाले.

"आधी बस," सुईणबाई म्हणाल्या. "वाळलास रे."

"तुम्ही माझ्या आई नाही."

"असं बोलू नये बाळा. अपत्य नाकारणं गुन्हा आहे म्हणतात, मग आईला नाकारणं त्याहून मोठा असेल. लाल अक्षरं येतात म्हणे."

साहेब माझ्याकडे वळले. "काकू, तुम्ही तरी सांगा यांना. ही चूक आहे हे तुम्हाला माहीत आहे."

"मला माहीत आहे," मी म्हटलं. "पण सिस्टीमला कळलं पाहिजे ना?"

मी हळूच म्हटलं होतं. मी नेहमी हळूच बोलते. तरी साहेब खुर्चीत बसले.

"माझा पगार थांबलाय."

"तक्रार कर," सुईणबाई म्हणाल्या. "मुख्यालयात जाईल, ते बघतील. किती दिवस म्हणालास तू हिला?"

"दीडेक महिना," मी सांगितलं.

चहा झाला. साहेबांनी तो प्यायला. पिता पिता त्यांचा चेहरा जरा माणसासारखा दिसायला लागला. मग बशीकडे बघत म्हणाले, "एक करता येतं."

"काय?"

"आपल्या गावच्या नोंदी एकाच तुकडीत भरल्यात. ती सगळी तुकडी मागे घेता येते. मुख्यालयाला एक फोन केला, की त्याच दिवशी."

माझ्या हातातली किटली तशीच राहिली. "म्हणजे काल आम्ही आलो तेव्हासुद्धा येत होती?"

"येत होती. पण कारण द्यावं लागतं. भरताना चूक झाली, असं लिहून द्यावं लागतं." त्यांचा आवाज खाली गेला. "आणि तसं लिहिलं, की ते सन्मानपत्र परत करायचं."

सुईणबाईंनी त्यांच्याकडे बराच वेळ पाहिलं. त्या नजरेनं मी बाळाला बघताना त्यांना पाहिलंय. नखं आहेत का, श्वास घेतोय का, अशी.

"पायाळू," त्या एवढंच म्हणाल्या.

फोन झाला. साहेबांनी तो बाहेर पायरीवर उभं राहून केला, पण त्या घराच्या भिंती पातळ आहेत. चूक हा शब्द त्यांना पहिल्या झटक्यात आला नाही. आधी तफावत म्हणाले, मग त्रुटी, मग तांत्रिक विसंगती. पलीकडचा माणूस चिकट असणार. शेवटी साहेबांनी तो शब्द उच्चारला, आणि संध्याकाळपर्यंत सुईणबाई पुन्हा निपुत्रिक झाल्या. त्यांच्या मोबाईलवर तसा संदेशच आला: 'आपल्या नावे एकही अपत्य नाही. आपल्या सोयीसाठी सदैव तत्पर.'

त्यांनी तो दोनदा वाचायला लावला. "एकही नाही म्हणतंय?"

"नाही."

"बरं," म्हणाल्या, आणि मोबाईल पालथा ठेवला. त्या संध्याकाळी त्यांनी आणखी चेष्टा केली नाही.

जावई निघायच्या आदल्या आठवड्यात लग्नाची नोंद झाली. सुईणबाईंचं नाव निघालं, पण माझं काही आलं नाही. ती दुसरी पायरी आहे म्हणे. आईच्या रकान्यात सध्या 'नोंद अद्ययावत होत आहे' असं येतं. साऱ्या गावाला तूर्त आई नाही. पण आई नसलेल्या दोघांना लग्न करायला सिस्टीमची हरकत नव्हती, आणि सुखाच्या वेळी फार खोलात जाऊ नये.

साक्षीदार म्हणून मी सही केली. खिडकीवरच्या मुलीनं विचारलं, "वधूशी नातं काय?"

"आई."

"त्याला पुरावा लागेल, काकू. तुम्ही 'परिचित' निवडा ना. त्याला काहीच लागत नाही."

मी 'परिचित' निवडलं. खोटं नव्हतं. जन्मल्यापासून ओळखते मी तिला.

दोघं गेली. आता लेक फोनवर दिसते, तिकडच्या खिडकीत उभी, मागे उंच इमारती. जावई त्या इमारतींत खाली-वर करत असतो.

गोष्ट इथंच संपली असती. पण 'ज्येष्ठ छाया' हे खातं वेगळं आणि 'सुलभ नोंद' वेगळं. ह्याचं त्याला कळत नाही. साहेबांच्या कार्यालयानं त्यांचा पगार सोडला, पण तक्रारीवर झालेला आदेश तसाच राहिला: अपत्यानं दर रविवारी मातेची प्रत्यक्ष भेट घ्यावी, आणि दोघांनी यंत्रावर अंगठा लावावा. नाही लावला तर पगार पुन्हा बंद. साहेबांनी त्या खात्याला लिहिलं की मी यांचा मुलगा नाही. तिकडून उत्तर आलं की अशा बहाण्यांची आम्हाला सवय आहे.

म्हणून साहेब दर रविवारी येतात. मांडीवर ते छोटं यंत्र घेऊन खुर्चीत बसतात. पहिले काही रविवार नुसते बसून राहिले. सुईणबाई त्यांना खिडकीचा खिळा ठोकायला सांगायच्या, वरचा डबा काढून द्यायला सांगायच्या. मग अंगठा द्यायच्या.

गेल्या रविवारी मी तिथं होते. साहेबांनी यंत्र पुढे केलं. सुईणबाईंनी हात पदराखाली घेतला.

"तुझी आई कशी आहे रे?"

"बरी असेल. भावाकडे असते. नदीपलीकडे."

"असेल म्हणजे? कधी भेटलास?"

साहेब आठवायला लागले. बराच वेळ लागला तेव्हा सुईणबाई म्हणाल्या, "राहू दे. दोन दिवस कळा सोसल्या होत्या तिनं तुझ्यापायी. मी नुसती खबर दिली." त्यांनी यंत्र साहेबांच्या हातातून काढून घेऊन टेबलावर ठेवलं. "आधी तिच्याकडे जाऊन ये. आल्यावर ती काय म्हणाली ते सांग. मग अंगठा."

"अहो, पाचला बंद होतं हे. आजचा अंगठा लागला नाही तर पगार..."

"मग पाय उचल. तेच आधी टाकायची सवय आहे ना तुला."

साहेब उठले. दारात जरा घुटमळले, आणि गेले. गल्लीच्या टोकापर्यंत ते धावताना दिसले.

टेबलावरचं यंत्र थोड्या थोड्या वेळानं दिवा लावून विचारत होतं, भेट पूर्ण झाली का, भेट पूर्ण झाली का. सुईणबाईंनी त्याच्यावर घडी केलेला टॉवेल टाकला.

"गप पड," त्या म्हणाल्या. "नदीपलीकडे गेलाय. येईल."